दादाची रेघ

टीव्हीवर फुटबॉलची मॅच बघताना मैदानावर मध्येच एक पिवळी रेघ उमटते, ती आपण सगळ्यांनीच पाहिलेली आहे. खेळाडू तिच्यावरून पळतात, तिच्यावर लोळतात, खुशाल थुंकतातसुद्धा, आणि ती बिचारी त्यांच्या बुटांखाली निमूट पडून असते. कुणीतरी सकाळी येऊन चुन्याने मारून गेलंय, असंच वाटतं. पण ती मैदानावर नसतेच मुळी. तिकीट काढून आत बसलेल्यांना ती दिसत नाही. ती मारणारा माणूस स्टेडियमच्या मागे, पार्किंगमध्ये उभ्या केलेल्या एका बिनखिडकीच्या लांबलचक गाडीत, कानाला हेडफोन लावून आणि तोंडात पेनाचं टोपण चावत बसलेला असतो. आपल्या गोष्टीतल्या अशा माणसाला कंपनीच्या ओळखपत्रावर व्हिज्युअल इफेक्ट्स आर्टिस्ट असं भारदस्त नाव होतं. गाडीत त्याला सगळे फूटपट्टी म्हणत. आणि घरी कुणी विचारलंच तर आई सांगायची, "थोरला टीव्हीत रेघा मारतो." मग समोरच्याचा चेहरा बघून घाईघाईने पुढे जोडायची, "नोकरी आहे हो, चांगली पगारी!"

आधी तो सिनेमाच्या स्टुडिओत होता. तिथे हिरो गच्चीवरून गच्चीवर उड्या मारायचे आणि हा त्यांच्या पाठीला बांधलेल्या दोऱ्या पडद्यावरून पुसायचा. एकदा एक दोरी हिरॉइनच्या मोकळ्या केसांतून गेली होती. ती पुसण्यात त्याचा अख्खा उन्हाळा गेला, आणि सिनेमात ते दृश्य डोळा मिटून उघडेपर्यंत संपलं. आई हौसेने थिएटरात गेली. शेवटी नावं यायला लागली तशी ती उभी राहून पडद्याकडे बघत राहिली, तर नावं भराभर सरकून गेली, दिवे लागले आणि झाडूवाले आत शिरले. त्याचं नाव आलं की नाही, हे तिला आजतागायत माहीत नाही. पुढे स्टुडिओ बसला. दोऱ्या पुसणारे सगळेच एका दुपारी घरी आले. मग कुणाच्या तरी ओळखीने हा खेळांच्या प्रक्षेपणात चिकटला.

सिनेमात चुकलं तर उद्या दुरुस्त करता येतं. लाइव्हमध्ये उद्या ही भानगडच नाही. सुरुवातीलाच त्याने असा काही घोळ घातला की विचारू नका. मैदानावर जाहिरात रंगवायची, तर कॉम्प्युटरला आधी गवताचा हिरवा दाखवावा लागतो. जिथे तो हिरवा, तिथे रंग चढव. बाकीचे रंग म्हणजे माणसं, त्यांना हात लावू नकोस, असा सगळा मामला. त्या दिवशी गोलकीपर नेमका गवताच्याच रंगाचा शर्ट घालून आला. झालं! गोलजवळ अंथरलेली टायरची जाहिरात सरळ त्याच्या पोटावर चढली. घरोघरी लोकांनी पाहिलं, एक मुंडकं, दोन हात आणि मध्ये टायर. डायरेक्टर बाई कानात ओरडल्या, "अरे, तो माणूस आहे का लॉन?" त्या दिवसापासून फूटपट्टीने कानाला खडा लावला. मॅचच्या आधी तो सगळ्यांचे शर्ट, मोजे, अगदी पंचाच्या शिट्टीची दोरीसुद्धा कॅमेऱ्यातून बघून घ्यायचा.

या बाई म्हणजे गाडीतल्या सर्वेसर्वा. समोर पडद्यांची भिंत, हातात गार झालेला चहा, आणि तोंडाचा पट्टा सुरू. वाईट नव्हत्या. कुणाच्या घरी आजारपण असलं तर स्वतःहून सुट्टी द्यायच्या. पण मॅच सुरू असताना त्यांचा एकच हेका: "चुकलास तरी चालेल, पण डगमगू नकोस. रेघ थरथरली की लोकांचा विश्वास उडतो."

आणि लोकांचा विश्वास कशावर असतो, ते फूटपट्टीला हळूहळू कळत गेलं. मैदानावर गवत कापायचं यंत्र आडवं फिरवतात, त्याने फिकट आणि गडद असे पट्टे उठतात, एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत. प्रेक्षकाचा डोळा त्या पट्ट्यांवर बसलेला असतो. कॉम्प्युटरने काढलेली रेघ कितीही बरोबर असू दे, पट्ट्याशी जरा फटकून दिसली की झालेच फोन सुरू: रेघ वाकडी आहे, तुम्ही विकले गेलात, तुमचा अमुक टीमवर डोळा आहे. शिवाय अनुभव असा की चूक बहुतेक वेळा कॅमेऱ्याकडचीच निघायची. उन्हाने कॅमेऱ्याच्या मचाणाचं लोखंड तापायचं, कुणी धक्का मारायचं, आणि कॅमेरा केसभर हलायचा. माळी बिचारा दोरी बांधून यंत्र फिरवतो, त्याचा पट्टा कशाला चुकेल? तेव्हा फूटपट्टीच्या उजव्या अंगठ्याखाली एक छोटं चाक होतं, ते फिरवून तो रेघ हळूच पट्ट्याला समांतर करून टाकायचा. हे त्याला कुणी शिकवलं नव्हतं. पण त्या धंद्यातले सगळेच हे करत, आणि फूटपट्टी इतकं सफाईने करायचा की त्याच्या रेघेवर कधी कुणी बोट ठेवलं नाही. याचा त्याला अभिमान होता. असायलाच हवा होता. दुसरं होतं काय त्याच्याकडे दाखवायला?

आता धाकट्याचं सांगतो, कारण खरी गोष्ट त्याचीच आहे.

धाकटा भाऊ लिफ्ट दुरुस्त करायचा. दिवसभर अंधाऱ्या खड्ड्यात ग्रीसने माखून काम करायचं आणि सुट्टीच्या दिवशी कुठल्यातरी मैदानावर लाइन्समन म्हणून झेंडा घेऊन पळायचं. खेळाडू म्हणून तो अगदी सुमार. पण लहानपणापासून भांडण लागलं की पोरं त्याच्याकडे यायची, कारण तो स्वतःच्या टीमविरुद्धसुद्धा निकाल द्यायचा आणि वर मार खायचा. कित्येकदा त्याच्या वाटणीचा मार दादानेही खाल्ला. वडील लवकर गेल्यामुळे दादा हाच त्याचा भाऊ, मास्तर आणि वकील.

ऑफसाइड म्हणजे काय, हे ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: आपल्या गड्याने पुढे पास दिला, तर पाय चेंडूला लागतो त्या क्षणी पुढे धावणारा खेळाडू समोरच्यांच्या शेवटच्या बचावपटूच्या पुढे गेलेला नको. गेला असेल तर लाइन्समनने झेंडा वर करायचा, मग गोल झाला तरी बाद. ऐकायला सोपं. पण पास एकीकडून निघतो, धावणारा दुसरीकडे असतो, बचावपटू तिसरीकडे, आणि लाइन्समनला देवाने दोनच डोळे दिलेले.

हे शिकवलं दादाने. घरी बैठकीच्या खोलीत टीव्ही लावायचा, जुन्या मॅचचा तुकडा सोडायचा, पास निघाला की थांबवायचं. धाकटा भांडी पुसायचं फडकं घेऊन उभा. आहे म्हणाला तर फडकं वर, नाही म्हणाला तर खाली. मग दादा रेघ मारून दाखवायचा. आई आत जाता-येता म्हणायची, "अरे, माझं फडकं द्या! ऑफसाइड झालं असेल तर होऊ दे!" वर्षानुवर्षं हा खेळ चालला. सुरुवातीला फडकं आणि रेघ यांचं क्वचित जुळायचं, पुढे पुढे क्वचित चुकायचं. आणि चुकलं की धाकटा एकदाही वाद घालायचा नाही. डोकं हलवायचा आणि म्हणायचा, "दादाची रेघ म्हणजे रेघ. परत लाव."

त्या वर्षी धाकट्याचं नाव वरच्या यादीसाठी आलं. वरची यादी म्हणजे मोठ्या सामन्यांचे पूर्णवेळ पंच. निवड झाली की लिफ्टचे खड्डे सुटले. पण वयाची अट होती, आणि धाकट्याला ती शेवटची संधी होती. समितीचे लोक त्याच्या मॅच येऊन बघून गेले होते, सगळे खूश होते. शेवटची तेवढी एक राहिली होती, आणि ती नेमकी दादाच्या गाडीला आली.

फूटपट्टीने बाईंना आधीच सांगितलं, "बाई, लाइन्समन माझा सख्खा भाऊ आहे. दुसऱ्या कुणाला बसवायचं तर बघा."

"दुसरा कोण आहे इथे? आणि तू काय शिट्टी वाजवणार आहेस? आपली रेघ फक्त घरी बसलेल्यांसाठी, पंचांना ती विचारायचीसुद्धा परवानगी नाही. मग झालं तर!"

बोलणं खरं होतं. त्या स्पर्धेत पंचांचा निर्णय मैदानावरच, टीव्हीचा त्याच्याशी संबंध नाही. आई तर सकाळपासून टीव्हीसमोर. एक मुलगा आत दिसणार आणि दुसऱ्याची रेघ. तिने शेजारणीलाही बोलावून ठेवलं होतं.

सगळं छान चाललं होतं. धाकटा नुसता वाऱ्यासारखा पळत होता, झेंडे एकूण एक बरोबर. गाडीतला रिप्लेवाला म्हणाला, "फूटपट्टी, तुझ्या भावाने आज तुला कामच ठेवलं नाही." सामना बरोबरीत. आणि संपता संपता एका बाजूने लांब पास गेला. शेवटचा बचावपटू पलीकडच्या कडेला, अगदी धाकट्याच्या पुढ्यात. धावणारा खेळाडू अलीकडे, कॅमेऱ्याच्या बाजूला. दोघांच्या मध्ये सबंध मैदानाची रुंदी. चेंडू जाळ्यात. झेंडा खालीच. गोल!

हरणारी टीम धाकट्यावर धावून गेली. तो मांडीला झेंडा लावून ताठ उभा राहिला, पापणीसुद्धा हलली नाही. गाडीत बाई किंचाळल्या, "फूटपट्टी, रेघ! लवकर!"

फूटपट्टीने चित्र थांबवलं. पास निघाल्याचा क्षण पकडला. बचावपटूच्या टाचेला रेघेचं एक टोक लावलं आणि सोडली. रेघ मैदान ओलांडून अलीकडे आली, ती धावणाऱ्याच्या बुटाच्या अगदी पुढून गेली. म्हणजे तो आतच होता. गोल बरोबर, धाकटा बरोबर. फूटपट्टीचा जीव भांड्यात पडला.

पण रेघ पट्ट्याशी फटकून होती. थोडीशीच, पण होती.

"वाकडी दिसतेय!" बाई म्हणाल्या. "सरळ कर, वीस लाख लोक बघतायत!"

आणि इथेच त्या माणसाने माती खाल्ली. त्याच्या मनात आलं, भाऊ आहे म्हणून आपण सोयीची रेघ ठेवतोय की काय? परका लाइन्समन असता तर आपण काय केलं असतं? रोज करतो तेच. पट्ट्याला लावली असती. मग आजच का हात अडतोय? भावाची बाजू घेतली असं आयुष्यभर स्वतःला वाटत राहायला नको, म्हणून त्याने अंगठा फिरवला. रेघ पट्ट्याला टेकली. सुंदर दिसली. गवतात रुतून बसली. आणि धावणाऱ्याचा अख्खा बूट तिच्या बाहेर आला.

"मस्त! गेली ऑन एअर," बाई म्हणाल्या.

कॉमेंट्रीवाल्याला तर खाऊच मिळाला. "बूटभर, मंडळी! अख्खा बूटभर बाहेर! लाइन्समन काय बघत होते, देव जाणे!" पुन्हा दाखवलं. मोठं करून दाखवलं. दुसऱ्या बाजूने, संथ करून, परत रेघेसकट. स्टेडियममधल्या भल्यामोठ्या पडद्यावरही तेच चित्र जाऊन बसलं आणि सगळं मैदान शिट्ट्या मारायला लागलं. एका कॅमेऱ्याने धाकट्याचा चेहरा धरला. त्याने मान वर करून पडद्याकडे पाहिलं. इतकी माणसं अंगावर आली तेव्हा जो हलला नव्हता, त्याने ती रेघ बघितली आणि डोकं हलवलं, घरी फडकं हातात धरून हलवायचा तसंच. फूटपट्टीने हेडफोन काढून टेबलावर ठेवला.

मॅच संपली, लोक पांगले. गाड्यांच्या वायरी गुंडाळणं सुरू झालं. फूटपट्टीला काही चैन पडेना. तेवढी एकच रेघ वाकडी का आली? कॅमेरा हलला म्हणावं, तर मग मैदानाच्या पांढऱ्या खुणा का नाही हलल्या? त्या तर कॉम्प्युटरच्या आखणीशी बरोबर जुळत होत्या. तो उठला आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदा मैदानात उतरला. गवत त्याने आजवर फक्त पडद्यावर पाहिलं होतं.

माळी नळ्या ओढत होता. फूटपट्टीने त्याला तो पट्टा दाखवून विचारलं.

"तो होय?" माळी हसला. "तिकडं पाण्याचा फवारा वर निघून राहिलाय, आत जाईना. यंत्राचं पातं अडकलं असतं, म्हणून जरा वळसा घालून नेलं. आणि पुढे त्याच कडेने ओढत आलो. का हो, दिसलं का टीव्हीवर?"

"दोरी आहे तुमच्याकडे?"

दोघांनी गोलच्या पांढऱ्या रेषेपासून मोजून दोरी ताणली. पट्टा दोरीपासून सरकत सरकत गेला होता. अलीकडच्या टोकाला फरक चांगला बूटभर, कदाचित जास्तच. फूटपट्टीने दोरी सोडून पुन्हा ताणली, पुन्हा मोजलं. माळी घाबरला, म्हणाला, "साहेब, एका दिवसाचा प्रश्न होता. उद्या सकाळी कापून सरळ करणारच आहे मी." फूटपट्टीने मोबाइलवर फोटो काढले, दोरीचे, पट्ट्याचे, फवाऱ्याचे.

बाईंना त्याने पार्किंगमध्येच गाठलं. त्यांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं. कपाळावर हात मारला, पण ओरडल्या नाहीत. "अरे देवा! मीच म्हटलं ना तुला सरळ कर म्हणून? पण आता मी काय करू सांग. गेलेलं चित्र परत बोलावू? घराघरांत जाऊन सांगू, विसरा म्हणून?"

"पुढच्या मॅचच्या आधी एक वाक्य सांगा ना, बाई. रेघ चुकली होती, एवढंच."

त्यांनी खरंच वर विचारलं. वरून उत्तर आलं की एक रेघ चुकली म्हटलं की आजवरच्या सगळ्या रेघांचा हिशेब लोक मागतील, तेव्हा गप्प बसा, लोक विसरतात. बाईंनी हे सांगताना त्याच्याकडे बघितलं नाही. विसरतात म्हणे! धाकटा जिथे लिफ्ट दुरुस्त करायला जायचा, तिथला वॉचमन त्याला हाताने बूट दाखवून हसायचा.

मग फूटपट्टी आपण होऊन निवड समितीच्या साहेबांकडे गेला. नोकरीवर पाणी सोडायची तयारी करूनच गेला. साहेब सभ्य होते. खुर्ची दिली, चहा मागवला. याने लॅपटॉप उघडून पांढऱ्या खुणांवरून पुन्हा काढलेली रेघ दाखवली, दोरीचे फोटो दाखवले, फवारा समजावून सांगितला. साहेबांनी मोबाइल लांब धरून फोटो बघितले. "यात गवत आहे, दोरी आहे. बरं. तो पट्टा आता आहे का तसाच?"

"नाही. दुसऱ्या दिवशी कापला."

"हं. आणि ती पहिली रेघ कुणी काढली होती?"

"मीच."

"आणि ही दुसरी?"

"मीच, साहेब."

"तुम्ही त्या लाइन्समनचे कोण लागता?"

"मोठा भाऊ."

साहेबांनी लॅपटॉप हळूच त्याच्याकडे सरकवला. रागावले असते तर बरं झालं असतं. ते म्हणाले, "मलाही धाकटा भाऊ आहे. मी समजू शकतो. चहा घ्या, गार होतोय." यादी लागली, त्यात धाकट्याचं नाव नव्हतं.

हे सगळं होईपर्यंत त्याने धाकट्याला काही सांगितलं नव्हतं. म्हटलं होतं, निकाल फिरवूनच सांगू, आनंदाने सांगू. आता फिरवायला काही राहिलंच नव्हतं, पण निदान पोराला कळू दे की तो बरोबर होता. यादी गेली, तरी डोळे तर त्याचे शाबूत आहेत. एका रविवारी आई देवळात नाही तर बाजारात, कुठेतरी गेलेली होती, तेव्हा त्याने धाकट्याला टीव्हीसमोर बसवलं आणि सगळी कहाणी सांगितली. अंगठ्याची, पट्ट्याची, माळ्याची, साहेबांची. सांगता सांगता रडला. "माझं चुकलं रे. तू बरोबर होतास. झेंडा खालीच राहायला हवा होता, तू बरोबर होतास."

धाकटा ऐकत होता. मग उठून त्याने दादाला पाणी आणून दिलं.

"पी आधी. दादा, लहानपणी काच मी फोडली होती, आणि 'मीच फोडली' असं सांगत तू वडिलांपुढे उभा राहिलास. आठवतं?"

"त्याचा इथे काय संबंध?"

"तू तेव्हासुद्धा असाच रडून सांगत होतास. मलासुद्धा क्षणभर वाटलं, खरंच दादानेच फोडली."

"अरे वेड्या, हे खरं आहे! हे बघ," फूटपट्टीने दोन्ही रेघा शेजारी शेजारी लावल्या. "ही चुकीची. ही बरोबर. पांढऱ्या खुणा बघ, मोजून घे."

धाकटा पुढे वाकून बराच वेळ बघत राहिला. "ही दुसरी काढायला तुला किती वेळ लागला?"

"आठवडाभर बसलो होतो. सगळं तपासून, पुन्हा पुन्हा."

"आणि पहिली?"

फूटपट्टीने पाण्याचा पेला उचलला आणि तसाच खाली ठेवला.

"पहिली तू एका दमात काढलीस. विचार करायला वेळच नव्हता. आणि ही आठवडाभर बसून काढलीस, मॅच संपल्यावर, माझा चेहरा बघून. दादा, आयुष्यभर मला काय शिकवलंस? पहिलं दिसतं ते खरं. नंतर माणूस मनाचं घालतो." तो हसला, खरंच हसला, आणि दादाच्या पाठीवर हात ठेवला. "राहू दे. माझा झेंडा चुकला. चुकतो कधी कधी. तू नको जिवाला लावून घेऊ."

फूटपट्टीने शपथा घातल्या. आईची घातली. माळ्याला फोन लावून दिला, तर माळी म्हणाला, "हो हो, साहेब म्हणतात तसंच होतं," आणि धाकट्याने फोन ठेवून विचारलं, "त्याला काय दिलंस?" राग येऊन फूटपट्टीने पाण्याचा पेला भिंतीवर फेकला. मग दोघांनी मिळून काचा उचलल्या. ज्याने काढलेल्या रेघेवर सगळी दुनिया विश्वास ठेवत होती, त्या माणसाच्या तोंडाच्या शब्दावर त्याचा सख्खा भाऊ विश्वास ठेवायला तयार नव्हता, आणि तोही प्रेमापोटी! भांडला असता तर भांडता आलं असतं.

धाकट्याने झेंडा ठेवून दिला. आईने पुष्कळ बोटं मोडली, समितीच्या सात पिढ्या उद्धरल्या. मग तिनेच मागे लागून लागून त्याला पुन्हा मैदानावर पाठवलं. दोन कारखान्यांच्या कामगारांचा सामना होता, मजा म्हणून. कॅमेरे नाहीत, गाडी नाही, बघायला खेळाडूंची बायका-पोरं आणि कुंपणाबाहेरची कुत्री. दादाही गेला. कडेला उभा राहिला, धाकट्यापासून थोड्याच अंतरावर.

धाकटा पळत होता, पण पूर्वीचा नाही. बघायचा, थांबायचा, मग झेंडा. प्रत्येक वेळी थोडा उशीर. खेळाडू कुरकुर करायला लागले, "अहो लाइन्समन, जागे आहात ना?" तेवढ्यात एक लांब पास सुटला. एक जाडा गडी मिशा सावरत पुढे धावला, बचाव करणारे मागे पडले, आणि जाड्याने चेंडू जाळ्यात ढकलला. त्याच्या टीमने आरोळी ठोकली. दुसऱ्या टीमने हात वर केले. पंचाने शिट्टी तोंडात धरून धाकट्याकडे पाहिलं. सगळ्यांनीच धाकट्याकडे पाहिलं.

धाकट्याचा झेंडा अर्धवट वर आला आणि तिथेच थांबला. मग त्याने मान वळवली. कडेला उभ्या माणसांतून त्याने दादाला शोधलं आणि त्याच्याकडे बघत राहिला. डोळ्यांत विचारणं होतं. सांग ना, दादा. एवढंच सांग, आहे का नाही.

"बोला की!" कुणीतरी ओरडलं.

फूटपट्टीने मैदानाकडे पाहिलं. हिरवं गवत, धावून धापा टाकणारी माणसं, जाळ्यात पडलेला चेंडू. इतकी वर्षं त्याने हे क्षण थांबवून पाहिले होते, मागे नेऊन, रेघ मारून. थांबलेलं नसताना कधी पाहिलंच नव्हतं. तो जाडा पुढे होता की मागे, त्याला खरंच दिसलं नव्हतं. धाकटा वाट बघत होता. दादाने तोंड उघडलं, आणि काय सांगावं ते त्याला कळेना.